मुद्दा क्रमांक सात

धम्मदीप सरांनी केस खिशात घातली होती. निदान त्यांचं स्वतःचं तरी तसं म्हणणं होतं, आणि खडकीच्या घरी जेवायला बसल्या बसल्या त्यांनी ते बायकोला ऐकवलंही.

"निकिता, ती जागा आता आपलीच समज. आपल्या केसला कॉलेजतर्फे उत्तर कोण लिहिणार आहे, सांग पाहू?"

"कोण?"

"मी!"

निकिता खराडीच्या एका कंपनीत दिवसभर दुसऱ्यांच्या प्रोग्रॅममधल्या चुका शोधायची. तिने हातातला घास ताटात ठेवला. "म्हणजे भांडण तुमचं, आणि समोरच्याच्या बाजूनेही तुम्हीच भांडणार?"

आता हे असं झालं कसं, ते सांगायला हवं. सर कोथरूडकडच्या एका अनुदानित कॉलेजात नऊ वर्षं इतिहास शिकवत होते, पण तासिका तत्त्वावर. म्हणजे तास असेल तोवर प्राध्यापक, घंटा झाली की तुम्ही कोण आणि आम्ही कोण. कधी नव्हे ती यंदा एक कायमची जागा निघाली. मुलाखती झाल्या आणि निवड झाली दिग्विजय नावाच्या उमेदवाराची. सरांच्या नऊ वर्षांच्या अनुभवाला समितीने गुण दिले शून्य, आणि कारण काही दिलंच नाही. सर तडक हायकोर्टात गेले. नेमणूक थांबली. पुढची जाहिरात निघेपर्यंत सरांना नातवंडं झाली असती, त्यामुळे काय व्हायचं ते याच खेपेला होणार होतं.

पण या कॉलेजची एक रीत होती. लिहायचं म्हणून जे काही असेल ते धम्मदीप सरांच्या टेबलावर जायचं. नॅकचा अहवाल, स्नेहसंमेलनाचं प्रास्ताविक, पाहुण्यांचा परिचय, शिपायाच्या मेहुण्याच्या लग्नाची पत्रिकासुद्धा. कोर्टाची नोटीस आली, तीही सवयीने तिथेच आली. वर प्राचार्य रंगराव जगदाळ्यांची चिठ्ठी टाचलेली होती, 'उत्तराचा मसुदा करावा. तातडीचे.'

सर चिठ्ठी घेऊन केबिनमध्ये गेले. "सर, ही केस मीच केलीय."

"माहीत आहे ना," प्राचार्य म्हणाले. "आमचा काही राग नाही हो तुमच्यावर. पण वकिलांना सगळी हकीकत लिहून पाहिजे. आता तुमच्याशिवाय इथे लिहितंय कोण?"

हे सगळं ऐकून निकिता म्हणाली, "सरळ नाही म्हणायचं."

"अगं, नाही कशाला? असं पुचाट उत्तर लिहितो, की कोर्ट पहिल्याच तारखेला कॉलेजचे कान उपटेल."

"तुम्हाला पुचाट लिहिता येतं?"

"त्यात काय येण्यासारखं आहे?" सर म्हणाले.

आणि लिहिलं की त्यांनी. दोन पानं, नुसतं पाणी. दुसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी ती कार्यालयात श्यामलाबाईंकडे दिली. श्यामलाबाई म्हणजे कार्यालय अधीक्षक. त्यांच्या चष्म्याखालून आजवर काना-मात्राही चुकीची सुटली नव्हती.

"सर, बरं नाही का तुम्हाला?"

"का हो?"

"नाही, तिसऱ्या मुद्द्याला चौथा ओळखत नाही. सातव्यात तर काहीच नाही. असू दे, पाठवते. वयानुसार होतं असं माणसाचं."

सरांची कानशिलं तापली. शत्रूने हरवलेलं एक वेळ चालेल, पण आपलं लेखन ढिसाळ म्हणवून घ्यायचं? त्यांनी कागद परत ओढला. आधी नुसती वाक्यं नीट केली. मग मुद्द्यांचा क्रम लावला. मग सातव्यापाशी येऊन ते अडले. सरांच्या अनुभवाला शून्य गुण का दिले, ते त्यात सांगायचं होतं. तिथे एक तरी भक्कम गोष्ट हवी होती, आणि तशी गोष्ट जगात एकाच माणसाला माहीत होती. सरांचं अनुभवाचं प्रमाणपत्र अर्जाची मुदत संपल्यावर एका दिवसाने फायलीत लागलं होतं. मुदतीच्या दिवशी सर प्राचार्यांसाठी नॅकचा अहवाल लिहीत बसले होते, आणि स्वतःचा कागद विसरले होते. दुसऱ्या दिवशी त्यांनी तो गुपचूप लावला. समितीने फाईल उघडून पाहिली असेल तर ना!

सरांनी मुद्दा सात लिहिला. तारखेसह, फायलीतल्या पान क्रमांकासह. फार सुरेख उतरला. खोडायचाच होता तो, पण श्यामलाबाईंनी तेवढ्यात वाचला.

"आता कसे आमचे सर वाटताहेत," त्या म्हणाल्या.

नऊ वर्षांत त्यांच्या तोंडून निघालेलं हे पहिलं कौतुक. सरांचा खोडायला निघालेला हात तिथेच थांबला, आणि कागदावर शिक्का बसला.

पहिल्याच तारखेला न्यायमूर्तींनी मुद्दा सात दोनदा वाचला, मान डोलावली आणि याचिका फेटाळली. सरांना वाईट वाटलं, अगदी आतून वाटलं. घरी निकिताने नुसता चहा केला, आणि तेच जास्त लागलं.

दोन दिवसांनी सर कॉलेजात मान खाली घालून लिहीत असताना त्यांचे वकील सर्जेराव यांचा फोन आला. "सर, खचायचं नाही. आपण वरच्या कोर्टात जाऊ. फक्त एक करा. त्यांचं ते उत्तर ज्याने लिहिलं, तो माणूस शोधून काढा. आपला अर्ज त्याच्याकडूनच लिहून घेऊ. भेटेल का?"

सरांनी समोरच्या कागदाकडे पाहिलं. त्यावर प्राचार्यांची नवी चिठ्ठी टाचलेली होती.

"भेटेल," सर म्हणाले, "पण आज नाही. आज तो दिग्विजय सरांचं नेमणूकपत्र लिहितोय."