नलूची बाजू

आमच्या मजल्यावर सकाळी लिफ्टमधून बाहेर पडणाऱ्या प्रत्येकाला एकच हाक ऐकू येते, "जपून! पाय लागेल!" समोर बघावं तर जमिनीवर रांगोळी नसते. उंबऱ्याबाहेर एक स्टूल, स्टुलावर पाट, पाटावर टॅबलेट आणि पुढ्यात खुर्ची टाकून बसलेल्या प्रमिलाकाकू. पाय लागायचा तर तो स्टुलाइतका वर न्यावा लागेल, पण काकूंना हे सांगायची पेपरवाल्याची हिंमत नाही आणि माझीही नाही.

काकू माझ्या शेजारीण. कोपरला, डोंबिवली पश्चिमेत, आमची दारं लागून आहेत. गुडघ्यांचं ऑपरेशन झालं, डॉक्टरांनी जमिनीवर बसायला बंदी केली आणि काकूंची दारातली रांगोळी थांबली. मुलीचा जुना टॅबलेट घरात पडून होता. मी घरून काम करते म्हणजे रिकामीच असते असा काकूंचा ठाम समज, त्यामुळे शिकवणी माझ्या गळ्यात पडली. मी चित्रं काढायची एक वेबसाइट उघडून दिली. डाउनलोड नको, पैसे नकोत.

"फुकट? मग त्यांना काय मिळतं?"

"काही नाही, काकू."

"बिचारे," म्हणाल्या आणि स्क्रीनला हळदकुंकू लावायला निघाल्या. मी टॅबलेट वाचवला.

पहिलाच धडा फसला. काकूंनी जन्मभर रांगोळी चिमटीतून सोडली, म्हणून स्क्रीनवरही त्यांनी अंगठा आणि बोट एकत्र टेकवून ओढलं. दोन बोटं टेकली की चित्र लहानमोठं होतं. कमळ बघता बघता मोहरीएवढं झालं. "अगं, पळाली! रांगोळी पळाली!" एका बोटानं रेघ ओढणं तर त्यांना बरेच दिवस असभ्य वाटत होतं. "असं बोट दाखवून काय काढायची? भांडतोय का आपण?"

शिकल्या मात्र जिद्दीनं. आधी सगळ्या पानाला गेरूचा रंग, मग पांढरी रेघ, मग हवे ते रंग. खोडरबर तर भलताच आवडला. मी हौसेनं काढलेली गोपद्मं त्यांनी माझ्यादेखत पुसली. फक्त चित्र सेव्ह करायला काही केल्या तयार होईनात. आंघोळ झाली की कालची रांगोळी साफ. माझा जीव हळहळायचा.

"शिळी रांगोळी कोणी ठेवतं का?" हे ठरलेलं उत्तर.

एकदा मी ऐटीत म्हटलं, "आता गंमत बघा. तुम्ही उजवी बाजू काढा, डावी आपोआप येते." काकूंनी पाकळी ओढली, डावीकडे हुबेहूब तशीच उमटली. चटका बसल्यासारखा त्यांनी हात मागे घेतला.

"बंद कर ते. ती बाजू नलूची आहे."

नलूताई म्हणजे काकूंच्या समोरच्या फ्लॅटमधल्या. कित्येक वर्षं या दोन दारांमध्ये एकच रांगोळी असायची, अर्धी हिची, अर्धी तिची. नलूताईंची पाकळी कायम जाड यायची आणि काकू ती ओल्या फडक्यानं पुसून सुधारायच्या. त्यावरून होणारी भांडणं अख्ख्या बिल्डिंगला पाठ होती. मग नलूताईंना अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला, बोलणं गेलं, आणि मुलानं त्यांना ठाण्याला, खोपटला आपल्याकडे नेलं. काकू रोज फोन लावायच्या. पलीकडून घराजवळच्या डेपोतल्या एसटीचा हॉर्न यायचा आणि नलूताईंचं नुसतं "हं". हल्ली तेही येईना. सून म्हणायची, "आई फोन हातातच घेत नाहीत."

"यात दोघींना एकदम काढता येतं का गं?" काकूंनी हळूच विचारलं. एवढी शिकवणी कशासाठी चालली होती ते मला तेव्हा कळलं.

येत होतं. मी सुनेला लिंक पाठवली. ठरल्या दिवशी काकू ठेवणीतली साडी नेसून स्टुलापुढे बसल्या, आपली बाजू झरझर काढली आणि हात मांडीवर ठेवून थांबल्या. डावीकडे नुसता गेरू. बराच वेळ नुसता गेरू. मी उगाच वायफायला नावं ठेवायला लागले.

"गप्प बस. नसेल काढायची तिला," काकू म्हणाल्या.

तेवढ्यात डावीकडे एक पांढरी रेघ उमटली. वाकडी, थांबत थांबत, डाव्या हातानं ओढलेली. हळूहळू पाकळी झाली. जाडच. काकूंचं बोट सवयीनं खोडरबरकडे गेलं आणि तिथेच थबकलं. मग उजवीकडची, काकूंची रेखीव पाकळी टोकापासून नाहीशी व्हायला लागली. खोपटहून कुणीतरी खोडरबर फिरवत होतं.

"पुसली! बघ, माझी पाकळी पुसली हिने!" काकू ओरडल्या, हसल्या आणि पदरात तोंड घालून रडायला लागल्या. मलाही राहवलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी दार उघडलं तर काकू आंघोळ करून जागेवर हजर. स्क्रीनवर मात्र कालची अर्धीच रांगोळी, ती जाडी पाकळी. उजवीकडे सगळं स्वच्छ.

"काय हे काकू, शिळी रांगोळी?"

"माझी बाजू मी पुसलीय. तिची तिने पुसायची," म्हणाल्या आणि खोपटला जाग यायची वाट बघत बसल्या.