आधी बसा, मग सांगा

डोंगरापलीकडून घरदार गमावून आलेलं एक कुटुंब संध्याकाळच्या बसने गावात यायचं होतं. गिरणीवाल्या काकूंनी त्यांच्यासाठी गिरणीमागची खोली रंगवून ठेवली होती. पुनर्वसन कार्यालयाने मात्र बजावलं होतं, साहेब पाहणी करतील, त्यांना सोय पटली तरच कुटुंब राहील; नाहीतर परत छावणीत. म्हणून झाडून सगळं गाव थांब्यावर हजर होतं.

बस काही आली नाही. आले ते चिखलाने माखलेले, एकाच पायात बूट असलेले एक गृहस्थ आणि मागे कुडकुडणारी त्यांची बायको.

"अगं बाई, काय ही दशा!" काकूंनी तिला पोटाशी धरलं.

"अहो, माझी गाडी रस्त्यातच रुतून—"

"गाडीचं काय घेऊन बसलात! जीव वाचला ना?"

"मी साहेब आहे, साहेब!"

"असाल हो," शिंपी हळहळला. "तिकडे सगळेच कुणी ना कुणी होते."

त्याच्या घरी पाणी तापलं होतं, म्हणून वरात आधी तिकडे वळली. साहेबांना आंघोळ घडली. शिंप्याची ढगळ विजार दोरीने कमरेला बांधावी लागली.

"माझं ओळखपत्र कोटात आहे!" ते ओरडले. कोट तोवर साबणाच्या पाण्यात होता.

"घाबरलंय लेकरू," म्हणत शिंप्याच्या आईने त्यांना घास भरवला. बाईसाहेब तर दोन रजया ओढून केव्हाच घोरू लागल्या होत्या.

इतक्यात धापा टाकत ड्रायव्हर आला आणि त्या विजारीला त्याने कडक सलाम ठोकला.

काकू मटकन खाली बसल्या. "मेले! माझ्या आगाऊपणापायी ते बिचारे आता छावणीत जाणार."

"पण ते आहेत कुठे?" साहेब गुरगुरले.

"बस आपल्याच गाडीमागे अडकली साहेब," ड्रायव्हर चाचरला. "ते शेतातून चालत पुढे गेले."

सगळे गिरणीकडे धावले. शेतातून आलेल्या त्या कुटुंबाला गावात चिटपाखरू दिसलं नव्हतं, खोली मात्र उघडी होती. तेव्हा त्यांनी चूल पेटवून चहा टाकला होता. दारात त्यांची आजी उभी होती. दोरीची विजार, अनवाणी पाय, ओले केस पाहून तिचे डोळे भरून आले.

"मी इथे पाहणीला—"

"आमचंही असंच झालं होतं, बाबा. आधी बसा, मग सांगा." ती आत वळली. "सूनबाई, सरक गं जरा. होईल आपलं सगळ्यांचं."

साहेब भिंतीला टेकून बसले, कपाने हात शेकले आणि मोठा घोट घेतला.

"ड्रायव्हर," ते म्हणाले, "छावणीला कळवून टाक. ही खोली भरली."