मतदार क्रमांक चारशे बारा

चिरेवाडीच्या मतदारयादीत चारशे अकरा माणसं आहेत आणि एक नेचा.

तो गावावरच्या कातळी पठाराच्या, म्हणजे सड्याच्या, खालच्या पाणथळ कुरणात उगवतो. चार बोटं उंची, एकच पान आणि त्यातून वर आलेली जिभेसारखी काडी. तसला नेचा पंचक्रोशीत दुसरा नाही. गेल्या खेपेला सुहासिनी घाडी सरपंचपदाला एका मताने पडल्या. त्या घरोघर हिंडल्या होत्या, कुरणात तेवढ्या गेल्या नव्हत्या.

या खेपेला त्या चपला हातात घेऊन गेल्या. नेच्याचा आवाज बारीक, त्यामुळे नीट ऐकायचं तर चिखलात पालथं पडावं लागतं. त्या पडल्या.

"नेचेबुवा, मी घाड्यांची सून. मत मागायला आलेय. तुमच्यासाठी चौथरा बांधू? वर पत्रा घालून?"

"नको."

"मग कुंपण? नावाची पाटी?"

"नको. पाणी तुंबू दे, गवत वाढू दे. काही करू नका."

सुहासिनीताईंना घाम फुटला. त्यांच्या जाहीरनाम्यात बावीस कामं होती.

"प्रतापराव राऊळ येऊन गेले?"

"सकाळीच. म्हणाले, काहीही न करण्याचा त्यांना पंधरा वर्षांचा अनुभव आहे."

ते खरंच होतं; पंधरा वर्षं सरपंच तेच होते. सुहासिनीताईंना रडूच आलं.

"मला नाही हो जमत तसं. रिकामं बसलं की हात शिवशिवतात. प्रयत्न करीन. अधूनमधून तुमच्यापाशी येऊन बसले तर चालेल?"

"पावसाळ्यात या. एरवी मी घरी नसतो."

मतदानाच्या दिवशी केंद्राध्यक्ष प्लास्टिकमध्ये गुंडाळलेलं यंत्र घेऊन कुरणात आले.

"मतदान गुप्त आहे. सगळ्यांनी तोंडं फिरवा."

अख्खं गाव सड्याकडे तोंड करून उभं राहिलं. बराच वेळ नुसते बेडूक ओरडत होते. मग यंत्राची लांब शिट्टी वाजली. केंद्राध्यक्षांनी पानाच्या टोकाला शाई लावली आणि गुडघे झटकले.

सुहासिनीताई एका मताने निवडून आल्या.

अभिनंदनाला आलेल्या प्रतापरावांनी त्यांना बाजूला घेतलं.

"वहिनी, खरं सांगा. त्याला काय कबूल केलंत?"

"काहीच नाही."

"अहो, मीही तेच केलं होतं!"

सुहासिनीताई नखांतला चिखल काढत राहिल्या. प्रतापराव आपल्या पांढऱ्या लेंग्याच्या कडक इस्त्रीकडे बघत उभे राहिले.