केलेपीने पुसलेली ओळ

नेइआफू या बेटावरच्या गावातल्या चर्चमध्ये लॅपटॉपवरून गीतं पडद्यावर दाखवायचं काम केलेपीकडे होतं. गेले चार महिने प्रत्येक गीताखाली कोपऱ्यात एक फिकट ओळ दिसे: 'तुमची प्रत अधिकृत नाही. सक्रिय करा.' म्हाताऱ्या फिनाऊआत्या ती ओळही शेवटच्या कडव्याला जोडून भक्तिभावाने गात.

रविवारी राजधानीहून मोठे पाद्री येणार होते. गायकवृंद सांभाळणारी केलेपीची बायको लोसालिने म्हणाली, "त्यांच्यासमोर ती ओळ दिसली, तर हा माणूस माझा कोणी नाही असं सांगेन."

शुक्रवारी दुपारी केलेपीला इंटरनेटवर एक फुकटचं साधन सापडलं. एक टिचकी मारली की लॅपटॉप कायमचा अधिकृत. फक्त आधी अँटिव्हायरस बंद करायचा होता.

"म्हणजे चोर येणार म्हणून कुत्रं बांधून ठेवायचं," लोसालिने म्हणाली.

"तसं नसतं गं. कुत्रं पाहुण्यांवरही भुंकतं."

ओळ गेली. शनिवारी केलेपीने तो स्वच्छ कोपरा येईल त्याला दाखवला.

रविवारी पाद्रीसाहेबांनी आल्या आल्या त्याच्या हातावर पेनड्राइव्ह ठेवला. "माझं प्रवचन यात आहे. मोठ्या अक्षरांत लाव, कागदावरचं दिसत नाही हल्ली." केलेपीने तो लगेच लॅपटॉपला जोडला.

पहिलं गीत सुरू झालं आणि दुसऱ्याच कडव्याला पडदा लालभडक झाला. 'तुमच्या सर्व फाइली कुलूपबंद करण्यात आल्या आहेत.' फिनाऊआत्यांनी तेही सुरात उचललं. मागच्या बाकांवर हसू फुटलं. लोसालिनेने हात वर केला, "पडद्याकडे नाही, माझ्याकडे बघा," म्हणाली, आणि लोकांनी उरलेलं गीत आठवेल तसं, पण छप्पर हलेल असं म्हटलं.

केलेपी घामाघूम होऊन पाद्रीसाहेबांच्या कानाशी लागला. "साहेब, प्रवचन गेलं."

"किती गेलं?"

"सगळं."

साहेब रिकाम्या हातांनी व्यासपीठावर गेले. मग आपल्या आईबद्दल बोलू लागले. वादळात घर गेलं, तेव्हा शेजाऱ्याचं दार वाजवायला ती किती लाजली होती, एवढंच. बारा मिनिटांत आमेन झालं. बायका डोळे पुसत होत्या. जमिनीतल्या भट्टीतलं जेवण कित्येक वर्षांत पहिल्यांदाच गरम मिळालं.

जेवताना केलेपी साहेबांच्या शेजारी जाऊन बसला. "साहेब, चूक माझी. मी चोरीचं काहीतरी लॅपटॉपमध्ये घातलं, त्याने तुमचं प्रवचन खाल्लं."

"वाईट केलंस," साहेब म्हणाले. "लॅपटॉप नीट करून घे. आणि रीतसर."

"हो साहेब. पण तुमची एवढी मेहनत..."

साहेबांनी इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "ते माझं नव्हतं रे. ऑकलंडच्या एका पाद्र्याचं इंटरनेटवरून उतरवलं होतं. नुसतं नाव बदललं होतं."

मागे वाढायला उभ्या असलेल्या लोसालिनेने दोघांकडे आळीपाळीने पाहिलं, आणि दोघांच्याही पानात एकेक रताळं ठेवलं.