अस्सलरावांचं दार

"लेकीची डॉक्टरकीची जागा? गेली कुठे! कोर्टातून खेचून आणतो बघा!" अस्सलराव भेटेल त्याला सांगत सुटले होते.

तीस वर्षं कोर्टाच्या रेकॉर्ड रूममध्ये घासलेला माणूस! कुणी झेरॉक्स पुढे केली की "अस्सल आणा!" म्हणून पिटाळायचे, तेव्हापासून हेच नाव चिकटलं.

प्रवेश समितीने लेकीला अपात्र ठरवलं होतं. सलग दहा वर्षं याच भागात राहिल्याचा पुरावा हवा! आठ वर्षांचे शाळेचे दाखले होते. मधली दोन वर्षं मात्र आई अंथरुणाला खिळलेली, आणि पोरगी घरीच शिकलेली. आई तर त्याच दुखण्यात गेली. कागद आणायचा कुठून?

"कागद नसेल, पण दार आहे!" अस्सलराव ओरडले. पुढच्या दाराच्या आतल्या अंगाला आईने दर वाढदिवशी लेकीची उंची पेन्सिलीने लिहिली होती, तारखेसकट. त्या दोन वर्षांतही ती त्या दिवसापुरती उठून दारापर्यंत आली होती; अक्षर थोडं थरथरलेलं होतं, एवढंच.

"छान! फोटो काढून द्या," त्यांच्या वकीलबाई म्हणाल्या.

"फोटो म्हणजे नक्कल! मी अस्सलच हजर करणार!"

"अहो काका, दार आहे ते!"

"मग? बिजागऱ्या काढल्या की सुटतं!"

दार हातगाडीवरून कोर्टात आलं. विरुद्ध बाजूचे वकील ताडकन उठले. "हे दार यांच्याच घराचं कशावरून?"

"चौकट उद्या हजर करतो!" अस्सलराव मागच्या बाकावरून गरजले. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला.

दुसऱ्या दिवशी चौकट आली. दार तिच्यात चपखल बसलं. न्यायाधीशांनी लेकीला दाराशी उभं केलं. आईची शेवटची खूण तिच्या खांद्याच्याही खाली आली. ती बराच वेळ त्या खुणेवर बोट ठेवून उभी राहिली, आणि कुणी तिला हटकलं नाही.

निकाल लागला. लेक पात्र! आठवडाभरात ती दूरच्या कॉलेजला गेलीसुद्धा. विरुद्ध बाजूने अपील केलं, म्हणून दार-चौकट कोर्टातच अडकली. घराच्या भिंतीत एक भगदाड आणि त्यावर चादर!

अस्सलरावांना घर खायला उठायचं. पूर्वी दार करकरलं की लेक आली हे कळायचं. आता चादर हलायची, आणि दर वेळी ते उठून बघायचे. कुणी नसायचं.

शेवटी ते आपल्याच जुन्या रेकॉर्ड रूममध्ये गेले. खिडकीवरच्या नव्या कारकुनाने त्यांना ओळखलंही नाही.

"माझं दार आहे आत. जरा बघू द्याल?"

"अपील संपेपर्यंत अस्सल मिळणार नाही, काका. फायलीतल्या फोटोची झेरॉक्स देऊ?"

अस्सलरावांनी खिडकीवर कोपर टेकलं. मग हळूच विचारलं, "जरा मोठी निघेल? म्हणजे... पोरीच्या उंचीएवढी?"

"ए-फोरच निघते."

"चालेल," अस्सलराव म्हणाले, "द्या."