कमरेएवढ्या पाट्या

आमच्या नालवाडीत दुकानाचं नाव वाचायचं असेल, तर वाकावं लागतं. नवा माणूस वर बघत बघत दुकान ओलांडून पुढे जातो. किराणा, सलून, पंक्चर, सगळ्यांची नावं दाराशेजारी कमरेच्या उंचीवर. ही करणी माझ्या शेजाऱ्यांची, पुंडलिकभाऊ पेंटरची.

"खांदा वर जात नाई, त पाटीनं खाली यावं," असं त्यांचं सरळ म्हणणं.

तीन वर्षांपूर्वी वडनेरला एक भिंत रंगवून भाऊ मोपेडवर घरी येत होते. मागून कारने उडवलं. जीव वाचला, उजवा खांदा कसाबसा जोडला, पण हात छातीच्या वर जाईना. आणि पेंटरची सगळी रोजी छातीच्या वरच असते हो! दुकानाचं कपाळ, पाण्याची टाकी, शाळेची भिंत.

मग विमा कंपनीवर भरपाईचा दावा लावला. वकीलबाईंनी शंभरदा बजावलं, "भाऊ, विचारतील तेवढंच सांगायचं." आता ज्या गृहस्थाने पहिल्याच भेटीत त्यांना "बाई, तुमच्या पाटीतल्या 'ड'चं पोट सुटलं हाये" असं ऐकवलं, तो विचारतील तेवढंच सांगणार?

कोर्टात समोरच्या वकिलाने फोटो पुढे केले. आमच्याच गल्लीतल्या पाट्या. प्रत्येकीच्या कोपऱ्यात दिमाखात 'पुंडलिक पेंटर' आणि खाली तारीख. सगळ्या तारखा अपघातानंतरच्या.

"हे काम तुमचं?"

"माह्यंच! सफाई पाहा साहेब, सफाई!"

मी मागच्या बाकावर कपाळाला हात लावला. स्वतःच्या पायावर धोंडा मारून घेणारे मी पुष्कळ पाहिलेत. हा गडी त्या धोंड्यावर सही करून तारीख टाकणारा!

व्हायचं तेच झालं. माणूस अजून कमावतोच आहे, असं धरून भरपाई इतकी कमी मिळाली, की दवाखान्याचाही खर्च निघेना.

"नागपूरला अपील करू," वकीलबाई म्हणाल्या. "पण या पाट्यांचे भाऊंना काय मिळाले, ते दुकानदारांकडून लिहून आणा."

"राहू द्या मास्तर," भाऊ चटकन म्हणाले. "कोणाले इचारू नका."

मी काय ऐकतो! वही घेऊन निघालो.

"पैसे?" किराणावाला विलास म्हणाला. "घेतलेच नाई जी. मी देऊन राह्यलो होतो, त म्हणे, अर्ध्या कामाचे कायचे पैसे!"

सलूनमध्ये तेच. पंक्चरवाला तर हसायलाच लागला. "मले पाटी पाह्यजेच नोती. पण त्यायले नाई कसं म्हणू? एका अक्षराले एक दिवस लावत. चहा पेत, बोलत बसत."

तेरा दुकानं झाली. एकाकडूनही भाऊंनी छदाम घेतला नव्हता. म्हणजे हा माणूस साठवलेलं मोडून खात होता आणि भर कोर्टात सफाई दाखवत होता! मी तणतणत त्यांच्या घरी गेलो.

"हे तिथे सांगायला काय झालं होतं तुम्हाला?"

भाऊ ब्रश धूत होते. बराच वेळ धूतच राहिले.

"तीस वर्सं या हातानं कमावून खाल्लं, मास्तर. चारचौघांत कसं सांगू, का आता याले कोणी पैसे द्यावं असं काम होत नाई?" मग खालच्या आवाजात म्हणाले, "तुमची वहिनी गेली तवापासून घरात बोलाले कोणी नाई. ब्रश घेऊन बसलं, का माणसं थांबतात, इचारतात. नुसता बसलो, त लोकाइले वाटते, म्हातारा काऊन बसून राह्यला."

माझा राग कुठल्या कुठे गेला. आमच्या दोघांच्या घरांत एकच भिंत, आणि मला पत्ता नाही. स्वतःचीच लाज वाटली.

त्या दिवसापासून संध्याकाळचा चहा ते माझ्याकडे घेतात आणि माझ्या अक्षराला नावं ठेवतात. प्रतिज्ञापत्रावर सही करायला मात्र त्यांनी आठ दिवस लावले. तेराही दुकानदारांनी एका दिवसात लिहून दिलं. अपील दाखल झालं, आणि या वेळी वकीलबाई पहिल्यांदाच हसून म्हणाल्या, "आता बाजू भक्कम आहे."

सुनावणीच्या दिवशी आम्ही दोघं नागपूरला पोचलो. कोर्टाच्या फाटकाशी उभे होतो, तेवढ्यात एक टेम्पो येऊन थांबला. त्यातून किराणा, सलून, पंक्चर अशी आमची अख्खी गल्ली उतरली. खरं तर कुणाची गरज नव्हती, कागद पुरेसे होते.

"दुकानं बंद ठिवून काऊन आले बे?" भाऊ खेकसले.

"तुमी नसले त करमत नाई, भाऊ," विलास म्हणाला.

एवढ्यात वकीलबाई आल्या. हा जथा पाहून चकित झाल्या. "एवढे सगळे तुमचे कोण?"

"गिऱ्हाइकं," भाऊ म्हणाले. मग डाव्या हाताने त्यांनी डोळे पुसले.

"नाई बाई. घरचे हायेत."