निकाली निघालेली गाणी

शहराच्या तक्रार निवारण कक्षात चार बायका नोकरीला होत्या आणि चौघी मिळून ब्लूज गात होत्या. यात नियमबाह्य असं काही नव्हतं. साडेदहा ते साडेपाच त्या लोकांची रडगाणी ऐकून घेत, आणि साडेपाचनंतर मागच्या रेकॉर्डरूममध्ये, फायलींच्या कपाटांमधल्या चिंचोळ्या जागेत बसून स्वतःची गात. मोठ्या बाई मुख्य कारकून, त्या गात. टंकलेखिका माउथऑर्गन वाजवी, भांडारपाल बेस गिटार, आणि आवक-जावकवाली ड्रम. बावीस वर्षं पत्रांवर शिक्के मारून तिचा हात असा बसला होता की ताल चुकायची सोयच नव्हती. ग्रुपचं नाव होतं ‘खिडकी क्रमांक चार’.

ब्लूज म्हणजे आपलं दुःख तेच तेच घोळवून, पण मजेत सांगायचं. मोठ्या बाईंनी ते पहिल्यांदा रेडिओवर ऐकलं तेव्हाच त्यांना ओळखीचं वाटलं होतं. “अगं, हा पहिली ओळ दोनदा म्हणतोय आणि मुद्द्यावर तिसऱ्या ओळीत येतोय,” त्या टंकलेखिकेला म्हणाल्या, “म्हणजे हा आपल्याच खिडकीवरचा माणूस.”

बघता बघता नऊ गाणी झाली. त्यातलं सगळ्यात उजवं मोठ्या बाईंचं, ‘पेपराच्या पलीकडे’. त्यांचा नवरा निवृत्त भूमापक. चोवीस वर्षं रोज सकाळी चहाच्या वेळी तो तोंडापुढे पेपर धरी आणि बाईंनी काहीही सांगितलं तरी “हं” म्हणे. एकदा तर बाईंनी घराला आग लागल्याचं सांगून पाहिलं होतं. तेव्हाही “हं”. हे गाणं बाई म्हणू लागल्या की बाकीच्या तिघी मनसोक्त रडत आणि वाजवायला विसरत.

एका छोट्या स्टुडिओचा रेकॉर्डिस्ट अल्बम काढायला तयार झाला. तारीख ठरली. राहिली होती फक्त कार्यालयाची परवानगी, कारण कर्मचाऱ्याला बाहेर काही प्रसिद्ध करायचं तर ती लागते. मोठ्या बाईंनी अर्ज केला आणि सोबत नऊही गाणी जोडली. तिथेच घोडं पेंड खायला लागलं.

साहेबांनी गाणी दोनदा वाचली. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

“बाई, या तर तक्रारी आहेत.”

“गाणी आहेत, साहेब.”

“चाल लावली म्हणून तक्रार तक्रार राहत नाही का? लिखित आहे, सही आहे, गैरअर्जदार, म्हणजे तक्रार कुणाविरुद्ध, तेही स्वच्छ दिसतंय. नोंद करणं भागच आहे.”

साहेबांचीही अडचण होती. वर्षअखेर जवळ आली होती आणि कक्षाचं निवारणाचं प्रमाण तीन टक्क्यांवर अडकलं होतं. लोकांच्या तक्रारींना पाइप लागत, सिमेंट लागे, कधी कधी तर प्रत्यक्ष माणूस पाठवावा लागे. या नऊ तक्रारींना नुसतं पत्र पुरणार होतं. साहेबांना आयतंच घबाड सापडलं.

मग त्या कार्यालयात कधी घडलं नव्हतं ते घडलं. काम झालं. टंकलेखिकेचं गाणं डोक्यावर नऊ वर्षं कुरकुरणाऱ्या पंख्यावर होतं. दुसऱ्या दिवशी पंखा गप्प. आवक-जावकवालीच्या बहिणीने नेलेलं शिवणयंत्र पोलिसी बंदोबस्तात परत आलं. भांडारपाल बाईंच्या सासूला नोटीस गेली, की सुनेने केलेल्या भाजीत पाठीमागून पुन्हा मीठ का घालता. सासूबाई जातीने हजर झाल्या, खिडकीवर भाजी चाखली आणि ‘मीठ बेताचं आहे’ असं लिहून देऊन गेल्या.

प्रत्येक गाण्यावर ‘निकाली’ असा शिक्का बसला. तो मारायचं काम आवक-जावकवालीचंच. ती डोळे पुशी आणि शिक्का मारी, तालात. निकाली निघालेली तक्रार पुन्हा मांडणं म्हणजे शासनाची दिशाभूल, तेव्हा ते गाणं म्हणायची सोय उरली नाही.

भूमापकालाही नोटीस गेली. जन्मभर सरकारी कागद पाहिला की उभं राहणारा माणूस तो. दुसऱ्या सकाळी पेपर घडी घालून बाजूला ठेवलेला होता.

“अगं, झोप कशी लागली?” त्याने विचारलं.

मोठ्या बाईंनी आधी मागे वळून पाहिलं, दुसऱ्या कुणाला विचारतोय का ते. चौथ्या दिवशी त्याने, नोकरीच्या पहिल्या आठवड्यात कालवा मोजता मोजता आपण त्यातच कसे पडलो, ते साभिनय सांगितलं. दोघं इतके हसले की चहाचं पाणी झालं. तो बोललेले विषय वहीत टिपून ठेवी, कारण मासिक अहवाल द्यायचा होता. ते बाईंना ठाऊक होतं, तरी त्यांना बरं वाटत होतं. फार बरं वाटत होतं, आणि गोची तीच होती.

गाण्यांचं काय व्हायचं ते होवो, निदान आवाज तरी तपासून घेऊ, म्हणून मोठ्या बाई स्टुडिओत गेल्या. रेकॉर्डिस्टने कानावरचे हेडफोन काढले.

“बाई, आवाजात समाधान येतंय.”

“फार येतंय का हो?”

“भरपूर. पंख्याची घरघर काढता येते, खोकला काढता येतो. हे मशीनला निघत नाही.”

“अहो, एक दिवस तरी पेपर धरा ना तोंडापुढे,” बाईंनी घरी येऊन नवऱ्याला गळ घातली. “माझ्या अल्बमचा प्रश्न आहे.”

“नको गं बाई,” तो घाबरून म्हणाला, “फेरचौकशी लागली तर?”

तारीख आठ दिवसांवर आली आणि हाताशी एकही गाणं नव्हतं. मोठ्या बाईंनी आपली व्यथा रेकॉर्डिस्टला सांगायला घेतली, तर तो स्वतःच्या घरमालकावर घसरला. खिडकीवरच्या एका गृहस्थाला म्हणाल्या, “आमचा अल्बम बुडतोय हो.” तो म्हणाला, “अरेरे! बरं, आमच्या नळाचं काय झालं?” बाईंच्या मनाला तेव्हा जे लागलं ते खरं लागलं. उभ्या जन्मात त्यांनी हजारो माणसं शेवटपर्यंत ऐकली होती. त्यांना शेवटपर्यंत ऐकणारा एकच निघाला, तोही नोटिशीमुळे. जेवणाच्या सुट्टीत डबा न उघडता त्यांनी गाणं लिहिलं, ‘माझं अर्धंच ऐकलं’, आणि साहेबांपुढे ठेवलं.

“गैरअर्जदार कोण?” साहेबांनी विचारलं.

“सगळे.”

“सगळ्यांना कशी नोटीस काढणार? आणि खरं सांगू बाई, घरी माझंही असंच होतं. मी तोंड उघडलं रे उघडलं की...”

साहेब चाळीस मिनिटं बोलले. बाईंनी नेहमीच्या सवयीने सगळं ऐकून घेतलं. शेवटी साहेबांनी डोळे टिपले आणि कागदावर शेरा मारला: ‘निवारण अशक्य. गाण्यास हरकत नाही.’

अल्बम निघाला. त्यात एकच गाणं, अकरा मिनिटांचं. बाईंचा आवाज असा लागला की रेकॉर्डिस्टने घरमालकाचा विषय काढला नाही. गाणं घरोघर पोचलं, दुकानांत वाजलं, बसमध्ये वाजलं. ज्याने त्याने दोन ओळी ऐकल्या, ‘अगदी माझंच दुःख!’ म्हणत गाणं बंद केलं आणि कुणाला तरी फोन लावून आपलं सांगायला सुरुवात केली.

साहेब मात्र कर्तव्याला पक्के. निवारण अशक्य असलं म्हणून कार्यवाही थांबत नाही. ते गल्लीवार याद्या करून नोटिसा काढत आहेत. ऐकणाऱ्यांची यादी संपली. आता वाचणाऱ्यांची पुरवणी जोडली आहे. आपण इथवर वाचलंत, त्याअर्थी नोटीस पोचली असं धरण्यात येत आहे. बाई आपलं सांगत असताना आपण मनातल्या मनात स्वतःच्या घरातली कोणती तक्रार घोळवत होतात, याचा लेखी खुलासा सात दिवसांत सादर करावा. चाल जोडण्याची आवश्यकता नाही.